नळ आहे का, एवढंच विचारणारं संशोधन

एम.ए. झालं होतं आणि पीएच.डी.चा प्रवेश अजून व्हायचा होता. त्या मधल्या काळात मी एका संशोधन प्रकल्पावर सर्वेक्षक म्हणून काम करत होते. एका नळपाणी योजनेचं मूल्यमापन होतं आणि मराठवाड्यातली काही गावं आमच्या वाट्याला आली होती. हातात टॅब, टॅबमध्ये प्रश्नावली, आणि पूर्ण भरलेल्या प्रत्येक फॉर्ममागे ठरलेले पैसे. फॉर्म अर्धा राहिला तर पैसे नाहीत.

एका गावात बौद्धवस्तीतल्या आजींच्या ओट्यावर बसून मी प्रश्न विचारत होते. घरात नळजोडणी आहे का? पर्याय दोनच होते : हो किंवा नाही. आजी म्हणाल्या, "हाय की. हो म्हणून लिही. पण माय, पाणी आधी गावात सुटतं. त्यांचं प्यायचं भरतं, धुणं होतं, गुरं धुऊन होतात, मग हिकडं सोडतात. कधी येतं, कधी तिकडंच संपतं. हे बी लिही."

मी टॅबकडे पाहिलं. हे लिहायला तिथे जागा नव्हती. पुढचा प्रश्न तोटी चालू आहे का, असा होता. मी 'हो'वर बोट ठेवलं आणि पुढे गेले. संध्याकाळपर्यंत आणखी सहा घरं करायची होती.

काही महिन्यांनी अहवाल आला. त्यात एक तक्ता सामाजिक गटांनुसार होता. अनुसूचित जातींच्या आणि इतरांच्या घरांत नळजोडणीचं प्रमाण जवळपास सारखंच होतं. निष्कर्ष असा, की योजनेने जातीची दरी भरून काढली आहे. त्या तक्त्यातला एकही आकडा खोटा नव्हता. त्यातले काही आकडे तर मीच भरले होते. पण आजींनी जे सांगितलं, ते त्या तक्त्यात कुठेही नव्हतं. एखादा आकडा खरा असूनही त्यातून निघणारा निष्कर्ष खोटा असू शकतो, हे मला समाजशास्त्राच्या वर्गात कोणी शिकवलं नव्हतं. ते त्या ओट्यावर कळलं.

सामाजिक विकास आणि सामाजिक धोरण या नावाखाली आपल्या देशात जे संशोधन चालतं, त्यातल्या मोठ्या भागाचा हा मूळ दोष आहे, असं माझं म्हणणं आहे. हे संशोधन आपल्याकडे काय नाही ते मोजतं. ते कोणी अडवून ठेवलं आहे, हे मोजत नाही. शाळा आहे का, शौचालय आहे का, बँकेत खातं आहे का, गॅस आहे का? उत्तर देणारा 'लाभार्थी', योजना देणारं सरकार, आणि मधला गाव जणू अस्तित्वातच नाही. जात असलीच तर ती प्रश्नावलीच्या पहिल्या पानावर एका चौकटीत असते : अनुसूचित जाती, अनुसूचित जमाती, ओबीसी, इतर. ती लाभार्थ्याची ओळख म्हणून नोंदली जाते. पाणी सोडणाऱ्या माणसाची जात, त्याला सूचना देणाऱ्यांची जात, पाइपलाइन कुठून कुठे न्यायची हे ठरवणाऱ्यांची जात कोणी विचारत नाही.

देशपातळीवरचे आकडेही अशाच प्रश्नांवर उभे असतात. नीती आयोगाच्या बहुआयामी दारिद्र्य निर्देशांकात बारा निकष आहेत. पोषण, शालेय शिक्षण, स्वयंपाकाचं इंधन, पिण्याचं पाणी, घर, वीज, बँक खातं वगैरे. जानेवारी २०२४ मध्ये आयोगाने सांगितलं की २०१३-१४ ते २०२२-२३ या काळात २४.८२ कोटी लोक या दारिद्र्यातून बाहेर पडले. हे निकष निरुपयोगी आहेत असं मी म्हणत नाही. ज्याच्या घरी वीज नाही त्याला वीज हवीच. पण बारापैकी एकही निकष असा नाही, की जो घरातल्या वस्तूंपलीकडे जाऊन माणसामाणसांतल्या संबंधांकडे पाहतो. ऑक्सफर्डची संशोधन संस्था आणि संयुक्त राष्ट्रांचा विकास कार्यक्रम यांच्या २०२१ च्या अहवालाने हेच मोजमाप जातीला लावून पाहिलं. तेव्हा दिसलं की भारतातल्या बहुआयामी गरिबांपैकी दर सहातले पाच जण अनुसूचित जाती, अनुसूचित जमाती किंवा ओबीसी कुटुंबांतले आहेत. हा योगायोग नाही. मग गरिबीचा अभ्यास जातीला वगळून कसा होतो?

आपल्या चळवळीने हा प्रश्न फार पूर्वी सोडवला होता. ४ ऑगस्ट १९२३ रोजी मुंबई विधिमंडळात सी. के. बोले यांचा ठराव मंजूर झाला आणि सार्वजनिक पाणवठे, विहिरी, धर्मशाळा अस्पृश्यांना खुल्या झाल्या. १९२४ मध्ये महाड नगरपालिकेने चवदार तळं खुलं केल्याचा ठराव केला. आता कल्पना करा, १९२६ साली माझ्यासारखी एखादी सर्वेक्षक टॅब घेऊन महाडला गेली असती. तळं सर्वांसाठी खुलं आहे का? हो. तसा ठराव आहे का? हो, आहे. अहवालात महाड शंभर टक्के यशस्वी ठरलं असतं. प्रत्यक्षात एकाही अस्पृश्याला त्या तळ्याचं पाणी भरता येत नव्हतं. २० मार्च १९२७ रोजी बाबासाहेब हजारो लोकांसह तळ्यावर गेले आणि पाणी प्याले. त्यानंतर सवर्णांनी केलेला हल्ला, तळ्याचं 'शुद्धीकरण' आणि दहा वर्षं चाललेला खटला, १९३७ च्या उच्च न्यायालयाच्या निकालापर्यंत, हे सगळं त्या कागदावरच्या 'हो'च्या आत दडलेलं होतं. मी महाडच्या सत्याग्रहाकडे आता संशोधनाची पद्धत म्हणूनही पाहते. हक्क आहे की नाही, हे ठराव वाचून कळत नाही. तो वापरायला गेल्यावर कोण अंगावर येतं, यावरून कळतं.

पुढच्याच वर्षी, १९२८ मध्ये, मुंबई सरकारने दलित आणि आदिवासी समाजांच्या स्थितीचा अभ्यास करण्यासाठी स्टार्ट समिती नेमली. बाबासाहेब तिचे सदस्य होते. १९३० च्या अहवालात समितीने शिफारशी तर केल्याच, पण त्या अमलात येण्यात अडचण कोणती, हेही नोंदवलं. पहिली अडचण उघड हिंसेची भीती. दुसरी आर्थिक परावलंबन : ज्यांच्या शेतात राबायचं, ज्यांची जमीन कसायची, त्यांच्याशीच हक्कासाठी भांडायचं. ते काम बंद करतात, जमीन काढून घेतात, बहिष्कार टाकतात. आजच्या धोरण-अहवालांत 'अंमलबजावणीतील त्रुटी' असा एक गुळगुळीत शब्द असतो. स्टार्ट समितीने त्या त्रुटीला ९० हून अधिक वर्षांपूर्वी हिंसा आणि बहिष्कार असं नाव दिलं होतं.

त्याच्याही आधी, १८८२ मध्ये, जोतीरावांनी हंटर आयोगापुढे निवेदन दिलं. शूद्रांची मुलं शाळेत का येत नाहीत, एवढंच विचारून ते थांबले नाहीत. सरकारचा महसूल कोणाच्या घामातून येतो आणि शिक्षणावरचा पैसा कोणाच्या मुलांवर खर्च होतो, हे त्यांनी विचारलं. सक्तीचं प्राथमिक शिक्षण मागितलं आणि शिक्षक शक्यतो शेतकरी समाजातून यावेत, असंही सांगितलं. सामाजिक धोरणाचा अभ्यास म्हणजे देणारा कोण, घेणारा कोण आणि मधे खाणारा कोण याचा हिशेब. ही आपली परंपरा आहे आणि ती विद्यापीठांतल्या विभागांपेक्षा जुनी आहे.

ही परंपरा पुढे नेणारं संशोधन झालेलंच नाही, असं मात्र नाही. २००६ मध्ये प्रसिद्ध झालेला ग्रामीण भारतातल्या अस्पृश्यतेचा अभ्यास ११ राज्यांतल्या ५६५ गावांत केला होता. त्यात ३७.८ टक्के गावांत सरकारी शाळेत दलित मुलांना जेवायला वेगळं बसवलं जात असल्याचं आढळलं. ४८.४ टक्के गावांत दलितांना पाणवठ्यावर अडवलं जात होतं. या अभ्यासकांनी शाळा आहे का एवढंच विचारलं असतं, तर उत्तर 'हो' आलं असतं. त्यांनी शाळेच्या आत पंगत कशी बसते ते विचारलं.

सुखदेव थोरात आणि जोएल ली यांनी २००५ मध्ये पाच राज्यांतल्या ५३१ गावांतल्या पाहणीच्या आधारे मध्यान्ह भोजन आणि रेशनवर लेख लिहिला. रेशन दुकान कोणाच्या आळीत आहे? दुकानदार कोणाचा? स्वयंपाक कोण करतं आणि तिच्या हातचं खायला कोण नकार देतं? योजना एकच, कायदा एकच, पण दुकान वरच्या आळीत असेल तर तिथपर्यंतचा रस्ता दलित बाईसाठी वेगळा असतो. थोरात आणि पॉल अ‍ॅटवेल यांनी २००७ मध्ये आणखी एक साधी गोष्ट केली. वर्तमानपत्रातल्या खासगी नोकऱ्यांच्या जाहिरातींना सारख्याच पात्रतेचे अर्ज पाठवले, फक्त नावं बदलली. सवर्ण हिंदू नावाला पुढची पायरी गाठण्याची शक्यता १ धरली, तर दलित नावाची ०.६७ आणि मुस्लिम नावाची ०.३३ भरली. इथे अभ्यास दलितांचा नव्हता. नोकरी देणाऱ्याचा होता. बोट फिरवून ते दुसऱ्या बाजूला धरलं गेलं, म्हणून जे वर्षानुवर्षं 'गुणवत्ता' या शब्दाखाली झाकलेलं होतं ते दिसलं.

बोट फिरवलं तरी उत्तर सावधपणे वाचावं लागतं. २०११-१२ च्या भारतीय मानव विकास सर्वेक्षणात घरोघरी विचारलं गेलं, तुमच्या घरात अस्पृश्यता पाळतात का? पाळत नाही म्हणणाऱ्यांना पुढे विचारलं, दलित माणूस तुमच्या स्वयंपाकघरात आला, त्याने तुमची भांडी वापरली तर चालेल का? देशात २७ टक्के घरांनी कोणत्या ना कोणत्या स्वरूपात पाळत असल्याची कबुली दिली. मध्य प्रदेशात ५३ टक्के, महाराष्ट्रात ४ टक्के. आपल्याकडचे काही लोक हा ४ चा आकडा पुरोगामी महाराष्ट्राचं प्रमाणपत्र म्हणून फिरवतात. मला त्यात दुसरी एक शक्यता दिसते. जिथे आंबेडकरी चळवळ मजबूत आहे, तिथे अस्पृश्यता पाळतो असं परक्या माणसाला सांगायची लाज तरी निर्माण झाली आहे. ही लाज आपल्या आजी-आजोबांनी लढून निर्माण केली आणि ती कमी मोलाची नाही. पण लाज वाटणं वेगळं आणि पाणी वेळेवर सोडणं वेगळं. पुण्यात घर भाड्याने शोधलेल्या कोणत्याही दलित किंवा मुस्लिम मुलीला हा फरक समजावून सांगावा लागत नाही.

इथे पुराव्याच्या राजकारणाबद्दलही बोलायला हवं. ४ मार्च २०२१ रोजी सर्वोच्च न्यायालयाने महाराष्ट्रातल्या स्थानिक स्वराज्य संस्थांमधलं ओबीसी आरक्षण अडवलं. कारण, आयोग नेमून गोळा केलेली सखोल आकडेवारी नव्हती. राज्याने केंद्राकडे २०११ च्या सामाजिक-आर्थिक व जात सर्वेक्षणातली माहिती मागितली, तर ती सदोष आहे, वापरता येणार नाही, असं उत्तर केंद्राने न्यायालयात दिलं. दुसरीकडे, २०१९ मध्ये सवर्णांतल्या आर्थिक दुर्बलांसाठी १० टक्के आरक्षण आलं आणि वार्षिक आठ लाखांची मर्यादा ठरली. ही मर्यादा कशावरून काढली, असं सर्वोच्च न्यायालयाने ऑक्टोबर २०२१ मध्ये विचारलं, तेव्हा केंद्राने ती तपासायला समिती नेमली. म्हणजे आरक्षण आधी, अभ्यास नंतर. आमच्याकडून आकडे मागायचे, आकडे स्वतःजवळ ठेवायचे आणि स्वतःसाठी आकड्यांची गरजच मानायची नाही. हे आकडेशास्त्र नव्हे. ही आकड्यांची वर्णव्यवस्था आहे.

म्हणूनच प्रश्न कोण तयार करतं, हा मुद्दा कळीचा आहे. गोपाळ गुरू यांनी २००२ मध्येच भारतीय समाजशास्त्रांच्या समतावादावर बोट ठेवलं होतं : काहींनी सिद्धांत मांडायचे आणि बाकीच्यांनी माहिती गोळा करायची, अशी श्रमविभागणी तिथे आहे. मी ती पगाराच्या स्वरूपात पाहिली आहे. आमच्या प्रकल्पात वस्त्यांमध्ये फिरणारे आम्ही बहुतेक दलित, ओबीसी, आदिवासी होतो, कारण वस्तीतली माणसं आमच्याशी बोलतात. प्रश्नावली तयार करणाऱ्यांत आमच्यातलं कोणी नव्हतं. अहवालाच्या सुरुवातीच्या आभारात 'स्थानिक सर्वेक्षकांचे आभार' अशी एक ओळ होती. नावं नव्हती.

पुढे पीएच.डी.च्या मुलाखतीत मला विचारलं गेलं, तुम्ही विषयाच्या फार जवळ आहात, तटस्थ कशा राहाल? मी विचारलं, बँकिंगवर संशोधन करणाऱ्या, बँक अधिकाऱ्याच्या मुलाला हा प्रश्न विचारता का? त्यावर सगळे हसले, पण उत्तर कोणी दिलं नाही. आज मला वाटतं, मी उलटं बोलायला हवं होतं. मी विषयाच्या जवळ होते, तरीही मी 'हो'वर बोट ठेवून पुढे गेले होते. नुसती जवळीक पुरत नाही. थांबण्याचा आणि प्रश्न बदलण्याचा अधिकार लागतो.

तो अधिकार मिळवण्याचे रस्ते मात्र अरुंद होत आहेत. फेलोशिप महिनोन्महिने थकते, तेव्हा पहिल्या पिढीतला संशोधक फील्डवर्क सोडून शिकवण्या घेतो. २०२२ मध्ये केंद्र सरकारने राष्ट्रीय परदेश शिष्यवृत्तीचे नियम बदलले. ही शिष्यवृत्ती प्रामुख्याने अनुसूचित जाती, भटक्या-विमुक्त आणि भूमिहीन शेतमजूर कुटुंबांतल्या विद्यार्थ्यांसाठी आहे. वर्षाला जागा फक्त १२५. नव्या नियमाने भारतीय संस्कृती, वारसा, इतिहास आणि भारतावरचं सामाजिक संशोधन हे विषय त्यातून वगळले. कारण असं दिलं गेलं की हे विषय देशातच शिकता येतात.

सयाजीराव महाराजांच्या शिष्यवृत्तीवर गेलेल्या एका तरुणाने ९ मे १९१६ रोजी न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठातल्या चर्चासत्रात भारतातल्या जातींवर निबंध वाचला. तेव्हा बाबासाहेब २५ वर्षांचे होते. २०२२ चा नियम तेव्हा असता, तर जातीच्या अभ्यासासाठी त्यांचा अर्ज बाद झाला असता. अभियंता व्हा, डॉक्टर व्हा, पण स्वतःच्या समाजाकडे आणि त्याला दाबणाऱ्यांकडे अभ्यासकाच्या नजरेने पाहू नका, असा याचा सरळ अर्थ आहे. आम्ही उत्तर द्यावं, प्रश्न विचारू नये.

आता जातनिहाय जनगणना होणार आहे. ३० एप्रिल २०२५ रोजी केंद्राने ती जाहीर केली. १९३१ नंतर प्रथमच सगळ्या जाती मोजल्या जातील. आपण तिची मागणी केली, ती मिळवली, तिचं स्वागत आहे. पण कोण किती, एवढ्यावर आपण समाधान मानलं, तर तो पुन्हा 'नळ आहे का' असाच प्रश्न होईल. बिहारच्या २०२३ च्या सर्वेक्षणाने जातींची संख्या दिली आणि पाठोपाठ उत्पन्नाची माहितीही दिली. महिन्याला ६,००० रुपयांपर्यंत कमावणारी कुटुंबं अनुसूचित जातींत ४२.९३ टक्के, तर सर्वसाधारण गटात २५.०९ टक्के. त्या आधारावर वाढवलेलं आरक्षण जून २०२४ मध्ये पाटणा उच्च न्यायालयाने रद्द केलं, म्हणजे आकडा आला की न्याय आपोआप येत नाही. तरीही आकडा हवाच. आणि तो फक्त आमच्या गरिबीचा नको. जमीन कोणाकडे, कारखाने कोणाकडे, प्राध्यापकांच्या खुर्च्या कोणाकडे, हेही जातीनुसार समोर यायला हवं. 'इतर' या चौकटीचं दार उघडायला हवं.

माझ्या प्रबंधाच्या प्रश्नावलीत मी 'नळ आहे का?' हा प्रश्न ठेवला आहे. त्याखाली आता आणखी चार आहेत. पाणी आधी कोणत्या आळीला सुटतं? सोडणारा कोण आणि त्याला नेमलं कोणी? तुमच्याकडे पाणी आलं नाही तर तुम्ही कोणाकडे तक्रार करता? आणि तक्रार केल्यावर तुमच्या कामाचं, मजुरीचं, उधारीचं काय होतं? शेवटच्या प्रश्नाला लोक बराच वेळ गप्प राहतात. त्या गप्प राहण्याचीही मी नोंद करते. त्यासाठी जागा ठेवली आहे.

हा स्तंभ वाचणाऱ्यांपैकी अनेकजण कुठल्या ना कुठल्या प्रकल्पावर सर्वेक्षक असतील, हे मला माहीत आहे. प्रश्नावली आपली नसते, घाई असते, घरी पैसे पाठवायचे असतात. तरी एक करा. फॉर्ममध्ये न मावणारं जे कोणी सांगेल, ते रोज रात्री एका वहीत लिहून ठेवा. तारीख घाला, गावाची खूण घाला, सांगणाऱ्याचं नाव मात्र लिहू नका. उद्या प्रश्नावली आपल्या हातात येईल, तेव्हा सुरुवात त्या वहीपासून करता येईल.